कर्नाळ्याचा स्वर्गीय नर्तक

मुलांनो, मुंबई-गोवा रस्त्यानं निघालात, की पनवेलच्या पुढं दहा-बारा किलोमीटरवर दोन्ही बाजूंना दाट झाडी लागते. मान वर केलीत, तर डोंगरावर अंगठ्यासारखा उभा सुळका दिसतो. तोच कर्नाळा किल्ला! त्याच्याभोवतीचं हे रान १९६८ साली पक्षी अभयारण्य झालं. तिथल्या एका देखण्या रहिवाशाची आज ओळख करून घेऊ. त्याचं नाव स्वर्गीय नर्तक.

अंगानं हा बुलबुलाएवढा. डोकं चकचकीत काळं, त्यावर ऐटदार तुरा, डोळ्यांभोवती निळं कडं आणि बाकी अंग पांढरंशुभ्र. शेपटीतली मधली दोन पिसं तर जवळजवळ फूटभर लांब! तो या फांदीवरून त्या फांदीवर गेला, की पांढरी रिबीन लहरत गेल्यासारखी वाटते. मध्य प्रदेशात त्याला दूधराज म्हणतात. तो तिथला राज्यपक्षी आहे.

पण नुसता पांढराच शोधत बसाल, तर फसाल बरं का! मादी पाठीवर तांबूस आणि आखूड शेपटीची असते. लहान नरही बराचसा तिच्यासारखाच दिसतो. लांब शेपटी यायला त्याला दोन-तीन वर्षं लागतात. काही नर तर लांब शेपटीचे असूनही तांबूस असतात. तेव्हा काळं डोकं आणि तुरा, ही खूण लक्षात ठेवा.

याचं खाणं म्हणजे किडे. सावलीत फांदीवर ताठ बसायचं, माशी किंवा पतंग दिसला की झेप घ्यायची आणि हवेतच मटकवायचा! म्हणून त्याला माशीमार म्हणत आले. पण शास्त्रज्ञ सांगतात, की इतर माशीमारांपेक्षा त्याचं नातं कोतवालाशी जवळचं आहे. गंमत म्हणजे कधी कधी तो घरटंही कोतवालाच्या शेजारीच बांधतो. कोतवाल कावळ्या-घारींना पिटाळून लावतो आणि याला फुकटचा पहारेकरी मिळतो!

मे ते जुलै हा विणीचा काळ. बारीक काड्या कोळ्याच्या जाळ्यानं बांधून फांदीच्या टोकाला सुबक वाटी तयार होते. तीन-चार अंडी. ती पंधराएक दिवस नर आणि मादी दोघंही आळीपाळीनं उबवतात. नर बसला, की शेपटी वाटीबाहेर लोंबत राहते.

ती शेपटी पाहून माणसांना घरटं चटकन सापडतं. मग कुणी फोटोसाठी फांदी वाकवतो, कुणी अगदी जवळ जातो. आई-बाप घाबरून दूर राहतात आणि अंडी गार पडतात. मोबाइलवर त्याचा आवाज वाजवून बोलावणंही वाईटच. दुसरा नर आपल्या हद्दीत घुसला, असं समजून तो धावून येतो आणि तेवढा वेळ पिल्लं उपाशी राहतात.

मग त्याला पाहायचं कसं? अगदी सोपं! झाडीतल्या पाणवठ्यापासून थोडं लांब, गप्प बसायचं. आधी कानावर त्याचा खरखरीत आवाज येईल. नाव नर्तकाचं, पण गळा काही गोड नाही! दुपारच्या वेळी तो अंघोळीला येतो, वरून झपकन पाण्यात बुडी मारतो आणि फांदीवर बसून पिसं साफ करतो.

आई-बाबांना सांगा, गाणी वाजवायचा डबा घरीच ठेवा, दुर्बीण तेवढी घ्या. आणि घरटं दिसलंच, तर दुरूनच बघून मागं फिरा. त्याचा पत्ता मात्र कुणाला सांगू नका!