भुईखालची दारे

प्रवासवर्णन म्हटले की वाचकांच्या डोळ्यांपुढे आगगाडी, वळकटी आणि अनोळखी गावचे स्टेशन उभे राहते. ज्या प्रवासाविषयी आज लिहावयाचे आहे, त्यासाठी मला तिकीट काढावे लागले नाही. बडोद्याला ताईच्या घरी, खिडकीबाहेर पावसाची संततधार लागली असता, तेरा वर्षांच्या भाच्याशेजारी एका खुर्चीवर बसून मी हा प्रवास केला. तथापि त्या तीन संध्याकाळी मी ज्या प्रदेशातून हिंडलो, त्याची आठवण एखाद्या खऱ्या डोंगरवाटेसारखीच मनात राहिली आहे.

त्या प्रदेशाचे नाव माइनक्राफ्ट. स्वीडनमधील मार्कुस पेर्सन यांनी रचलेला हा संगणकावरील खेळ २००९ साली प्रथम लोकांपुढे आला आणि २०११ साली पूर्णत्वास गेला. पुढे २०२३ सालापर्यंत त्याच्या ३० कोटींहून अधिक प्रती खपल्या. माती, दगड, लाकूड, पाणी, सारे काही तेथे चौरस ठोकळ्यांचे असते आणि एक ठोकळा म्हणजे एक मीटर असा हिशेब धरतात. मध्यबिंदूपासून प्रत्येक दिशेस ३ कोटी ठोकळ्यांपर्यंत ही भूमी पसरलेली आहे. म्हणजे तिची रुंदी आपल्या पृथ्वीच्या विषुववृत्ताच्या दीडपट भरते. वीस मिनिटांत तेथे एक दिवस व एक रात्र होते. झाडे तोडावी, घर बांधावे, धान्य पिकवावे आणि रात्री हिंस्र प्राण्यांपासून जीव वाचवावा, असा तेथला जीवनक्रम.

परंतु माझा वाटाड्या मला पहिल्याच दिवशी म्हणाला, “मामा, वरती जे दिसतं ते अर्धंच जग आहे. खरं जग खाली आहे.”

ते अक्षरशः खरे होते. समुद्रसपाटीच्या खाली सुमारे सव्वाशे ठोकळे खोल अशी ती भूमी आहे, आणि तिच्या पोटात गुहा, सोडून दिलेल्या खाणी, तळघरे आणि उजाड नगरे दडलेली आहेत. ती कोणी हाताने मांडून ठेवलेली नाहीत. प्रत्येक जग एका संख्येपासून उगवते. त्या संख्येला ‘सीड’, म्हणजे बीज, असेच म्हणतात. बीज निराळे की डोंगर निराळे, नद्या निराळ्या आणि तळघरांच्या जागाही निराळ्या. त्यामुळे माझ्या भाच्याच्या जगात कोठे काय पुरलेले आहे, हे खेळ रचणाऱ्यांनाही पाहून ठाऊक नव्हते.

आमची पहिली भेट बर्फाळ माळावरील एका इग्लूला झाली. आत एक बिछाना, एक भट्टी आणि जमिनीवर गालिचा. मला वाटले, कोणा शिकाऱ्याची झोपडी असावी. भाच्याने गालिचाचा एक तुकडा उचलला तो खाली झडप दिसली. अशा सर्वच झोपड्यांखाली तळघर नसते. साधारण निम्म्यांखाली असते. शिडीने खोल उतरल्यावर एक दगडी खोली लागली. गजांआड दोन कैदी होते, एक धडधाकट गावकरी आणि दुसरा रोगाने मृतवत् झालेला, हिरव्या कातडीचा. शेजारी औषधाची एक कुपी आणि पेटीत एक सोनेरी सफरचंद ठेवलेले. कुपीतील औषध त्या रोग्याच्या अंगावर फोडावयाचे आणि मग ते सफरचंद त्याला द्यावयाचे. तसे केल्यावर तो थरथर कापू लागला आणि काही मिनिटांनी पुन्हा माणसात आला. धनाच्या आशेने मी त्या शिडीवरून उतरलो होतो. तळाशी निघाला एक आजारी माणूस आणि त्याचे औषध. मी थोडा ओशाळलो, हे कबूल केले पाहिजे.

वाळवंटातील देवळाची गोष्ट निराळी. तेथे फरशीच्या नक्षीमध्ये मधोमध एकच निळा ठोकळा असतो. तो काढला की खाली खोल विहीर आणि तळाशी चार पेट्या दिसतात. मात्र पेट्यांच्या मध्यभागी एक दगडी कळ आहे आणि तिच्याखाली नऊ सुरुंग. घाईने उडी मारणारा एकतर पडून मरतो, नाहीतर स्फोटात. भाचा कडेकडेने पायऱ्या खोदीत उतरला आणि त्याने आधी ती कळ काढून टाकली.

हिंडता हिंडता मी त्या भूमीच्या खुणा वाचावयास शिकलो. दरीच्या भिंतीत फळ्या आणि कुंपणाचे खांब डोकावले, तर आत जुनी खाण आहे. साध्या दगडांत शेवाळलेले दगड दिसले, तर राक्षसांची कोठडी जवळ आहे. कानांचाही उपयोग होतो. पडद्यावर आवाजांची अक्षरे उमटविण्याची सोय आहे आणि आवाज डावीकडून आला की उजवीकडून, हे बाण सांगतो. सर्वांत खोल, डोंगरांच्या मुळाशी, २०२२ सालापासून एक प्राचीन नगर खेळात आले आहे. तेथला पहारेकरी वॉर्डन आंधळा आहे, परंतु पावलांच्या कंपनावरून माणूस हेरतो. म्हणून तेथे जाणारे लोकर अंथरून, दबकत चालतात. आम्ही त्या वाटेस गेलो नाही, आणि त्याचे कारण सांगितले पाहिजे.

माझ्या भाच्याचे ते जग ‘हार्डकोअर’ जातीचे होते. इतर जगांत मरण आले तर खेळाडू पुन्हा उठतो. येथे एकदा मेला की त्या जगात पुन्हा खेळता येत नाही. ते घर, ती शेते, तो मेंढ्यांचा कळप त्याने आठ महिने खपून उभा केला होता. ते सारे एका चुकीच्या पावलावर अवलंबून होते.

आमचा मुख्य शोध होता तो ‘स्ट्राँगहोल्ड’ नावाच्या गडाचा. संगणकावरील मूळ आवृत्तीत प्रत्येक जगात असे १२८ गड भूगर्भात असतात आणि त्यांपैकी पहिले तीन मध्यबिंदूपासून १,२८० ते २,८१६ ठोकळ्यांच्या अंतरावर. त्यांचा माग ‘आय ऑफ एंडर’ नावाच्या हिरव्या डोळ्याने काढावयाचा. डोळा हवेत फेकला की जवळच्या गडाच्या दिशेने तो थोडा उडतो आणि खाली पडतो. पाचांतून एखादा फुटून जातो. डोळे मिळविणे हे जिवावरचे काम असल्यामुळे ते जपून वापरावे लागतात. आमच्यापाशी तेरा होते.

मी विचारले, “बीजाची संख्या देऊन नकाशा काढून देणारी साधनं असतात म्हणे. मग एवढा खटाटोप कशाला?”

“असतात ना,” तो म्हणाला. “पण मग तो गड मला सापडला असं कसं म्हणायचं?”

यावर मजपाशी उत्तर नव्हते. मी चौकटीचा कागद आणि पट्टी मागून घेतली. पहिला डोळा नैर्ऋत्येस उडाला. आम्ही उभे होतो ती जागा आणि ती दिशा मी कागदावर रेषेने आखली. मग सहाशे ठोकळे पश्चिमेस चालत गेलो. तेथून फेकलेला डोळा अधिक दक्षिणेकडे कलला. दोन रेषा जेथे छेदल्या, तेथे गड असला पाहिजे. १८०२ साली विल्यम लॅम्ब्टन याने मद्रासच्या सेंट थॉमस माउंटपाशी आधाररेषा मोजून भारताच्या त्रिकोणमापनाचा जो उद्योग आरंभिला, त्याच्याच घराण्यातील ही एक लहानशी युक्ती. माझ्या कागदाप्रमाणे छेदनबिंदू मध्यापासून १,६७० ठोकळ्यांवर येत होता. त्या जागी पोहोचून तिसरा डोळा फेकला तेव्हा तो थोडा पुढे गेला. चौथा मात्र वर न जाता सरळ जमिनीत शिरला. चारांपैकी एकच फुटला होता. गणित जमल्याचा असा आनंद मला शाळा सुटल्यापासून झाला नव्हता.

पायांखाली सरळ खोदू नये, हा तेथला पहिला नियम. पायऱ्या खोदीत आम्ही उतरलो आणि कुदळ एका चिरेबंदी भिंतीवर आदळली. आत शेवाळलेल्या, तडकलेल्या चिऱ्यांच्या वाटा, गजांच्या कोठड्या, आणि कोळिष्टकांनी भरलेले एक दुमजली ग्रंथालय. आनंदाच्या भरात भाच्याने माउस माझ्या हाती दिला. “थोडं तुम्ही चाला, मामा.”

आठ महिन्यांचे जग त्याने माझ्या हाती दिले होते. मी काय केले? दोन वळणांनंतर वाट सापडेना, तेव्हा उतावीळपणे समोरची भिंत फोडू लागलो. तिसऱ्या चिऱ्यातून एक करडा किडा सळसळत बाहेर आला. त्याला सिल्व्हरफिश म्हणतात. मी घाबरून त्याच्यावर वार केला, आणि त्याला जखम होताच आसपासच्या चिऱ्यांत दडलेले त्याचे भाईबंद जागे झाले. बघता बघता आयुष्याच्या दहा हृदयचिन्हांपैकी चारच उरली. भाच्याने झटकन माउस घेतला, तो मागे पळत आमच्या पायऱ्यांवर चढला आणि त्याने दोन दगड रचून वाट बंद केली. माझे हात खरोखरच थरथरत होते. आठ महिन्यांच्या त्याच्या श्रमाची मी राखरांगोळी करीत आणली होती, आणि क्षमा मागावयासही मला शब्द सुचेनात.

तो रागावला नाही. पाव खाऊन हृदये भरून येईपर्यंत थांबला आणि म्हणाला, “मामा, भिंत फोडायची नसते. दार शोधायचं असतं.”

आणि दार होते. मी जेथे भिंत फोडीत होतो, त्याच्या मागच्याच वळणावर, काळोखात, एक साधे लाकडी दार होते. दोनदा मी त्याच्यासमोरून गेलो होतो. त्यापलीकडील वाटेने जाता जाता आम्ही त्या दालनात पोहोचलो. लाव्ह्याच्या तळ्यावर बारा दगडी चौकटींचे द्वार होते. एका चौकटीत डोळा मुळातच बसविलेला होता. अकरा हवे होते आणि आमच्यापाशी बारा उरले होते. भाच्याने दहा बसविले. शेवटचा त्याने हातात धरून ठेवला.

“का रे?”

“त्याच्यापलीकडे ड्रॅगन आहे. आज नको. आधी नीट तयारी करू.”

इतक्यात स्वयंपाकघरातून ताईची हाक आली, आणि आम्ही त्या गडातून थेट आमटीभाताच्या पानावर येऊन बसलो.

परतीच्या गाडीत मी त्या दोन गोष्टींचा विचार करीत होतो: हाताशी असूनही न मागितलेला नकाशा, आणि हाताशी असूनही न दिसलेले दार. माझ्या वयाच्या माणसाला वाटते, मुले त्या पडद्यापुढे वेळ दवडतात. कित्येकदा ते खरेही असेल. परंतु तेथे मला एक मुलगा भेटला, ज्याला थांबता येत होते. मी भिंत फोडली ती मला थांबता येत नव्हते म्हणून. ती चौकटीची कागदाची घडी अजून माझ्या टेबलाच्या खणात आहे, आणि कोणाशी बोलताना जीभ उतावीळ होऊ लागली की मी तिच्याकडे एकवार पाहतो.