नाणी तेवढीच!

मी बँकेत कॅशला बसतो. कन्यारत्न चार वर्षांचं असताना तिच्यापुढे रुपयाच्या पाच-पाच नाण्यांच्या दोन ओळी मांडल्या आणि तिच्या डोळ्यांदेखत एक ओळ पसरवली. "ही जास्त!" कार्टी म्हणाली. बी.कॉम. झालेल्या बापाची मुलगी! मी हबकलोच. स्वित्झर्लंडच्या जाँ पियाजेने (१८९६–१९८०) म्हणे सांगूनच ठेवलंय, सहा-सात वर्षांपर्यंत पोरं दिसेल त्यावर भुलतात. (आमचे काही खातेदार साठीतही.) सातव्या वर्षी मी पुन्हा ओळ पसरवली, तर "बाबा, नाणी तेवढीच आहेत," म्हणत तिने माझी कीव केली.

अकरा-बारानंतर म्हणे डोकं 'जर-तर'मध्ये शिरतं. आता तिला चौदावं लागलंय. परवा जेवताना विचारते, "बाबा, तुम्ही बँकेत लागला नसतात, तर कोण झाला असतात?"

दुसऱ्या दिवशी माझी कॅश टॅली व्हायला साडेसात वाजले.