डबाबंद अननस

वाचकहो, या अंकात एक कबुली द्यावयाची आहे. आपल्या मासिकात येणाऱ्या परदेशी पाककृती बहुधा इंग्रजीतून आलेल्या असतात आणि त्यांचे मराठी करण्याचे काम माझ्याकडे असते. काही महिन्यांपूर्वी अशीच एका सँडविचची कृती माझ्या टेबलावर आली. पॉलिनेशियन आणि केजन अशा दोन चवींचा मेळ तीत घातलेला होता. मूळ मजकुरात ‘डबाबंद अननसाचा रस’ असे स्पष्ट लिहिले होते. कार्यालयाबाहेरच्या हातगाडीवर पिवळेधमक अननस मांडलेले असताना गृहिणींना डब्याचा खर्च कशाला, असा विचार करून मी ‘डबाबंद’ खोडले आणि ‘ताज्या’ लिहिले. अनुवादकाला असा उदारपणा अधूनमधून सुचतो.

अंक निघाल्यावर इंदूरच्या एका भगिनीचे पत्र आले. वसतिगृहात राहणारा मुलगा चार दिवसांसाठी घरी आला, म्हणून त्यांनी रात्रीच कोंबडीचे तुकडे ताज्या रसात मुरत ठेवले होते. सकाळी पाहतात तो तुकड्यांचा लगदा झालेला! पत्रात राग कोठेच नव्हता. ‘माझ्या हातून काय चुकले?’ एवढेच त्यांनी विचारले होते. ते वाक्य वाचून मला अतिशय ओशाळल्यासारखे झाले.

घरी सासूबाईंना पत्र वाचून दाखविले. त्या स्वतः शाकाहारी. तरी ऐकताक्षणी म्हणाल्या, “अगं, कच्चा अननस दुधात घातला तर दूध कडू होतं, ठाऊक आहे ना? मग मांसाला तो सोडील होय?” त्यांचे म्हणणे बरोबर निघाले. कच्च्या अननसात ब्रोमेलेन नावाचे पाचक द्रव्य असते. ते प्रथिने तोडते, आणि मांस म्हणजे मुख्यतः प्रथिनेच. डबा भरताना अननस तापविला जातो, त्या उष्णतेने हे द्रव्य निकामी होते. मी जो शब्द उगाच खोडला, त्यात सारी कृती उभी होती.

तरीही खात्रीसाठी मी दोन वाडग्यांत कोंबडी मुरत घातली. एकात कच्चा रस, दुसऱ्यात पाच मिनिटे उकळून गार केलेला. सकाळी पहिल्या वाडग्यातले तुकडे बोटांत धरताच विरू लागले. दुसऱ्यातले जसेच्या तसे होते.

त्या निमित्ताने मी दोन्ही नावांचा शोध घेतला, तेव्हा मौज वाटली. केजन म्हणजे अकेडियन या शब्दाचा अपभ्रंश. आजच्या कॅनडाच्या पूर्व किनाऱ्यावरील अकेडियातून १७५५ पासून ब्रिटिशांनी हुसकावलेल्या फ्रेंच भाषिकांपैकी अनेक जण अमेरिकेतील लुइझियानात स्थायिक झाले, त्यांचे हे जेवण. कांदा, ढोबळी मिरची आणि सेलरी हा त्यांच्या अनेक पदार्थांचा पाया. पॉलिनेशियाचे मात्र निराळेच. अननस मूळचा दक्षिण अमेरिकेचा. सोया सॉस हवाईत नेला तो चिनी व जपानी मजुरांनी. पॉलिनेशियाच्या दर्यावर्दी लोकांनी होड्यांतून बेटोबेटी नेले ते अळू! होय, आपल्या वडीचे अळू. सामोआत त्याची पाने नारळाच्या दुधात शिजवितात. आणि हवाईचा प्रसिद्ध गोड पाव १८७८ पासून उसाच्या मळ्यांवर आलेल्या पोर्तुगीज मजुरांचा. आपल्याकडे पाव आणि अननस हे शब्द पोर्तुगीजांनीच आणले, तेव्हा हे सँडविच वाटते तितके परके नाही.

आता दुरुस्त कृती. एक वाटी अननसाचा रस पाच मिनिटे चांगला उकळून पूर्ण गार करावा. त्यात दोन चमचे गूळ, एक चमचा सोया सॉस व थोडे किसलेले आले घालावे. कोंबडीच्या अर्धा किलो बिनहाडाच्या तुकड्यांना दोन चमचे काश्मिरी तिखट, अर्धा चमचा साधे लाल तिखट, एक चमचा वाटलेला लसूण, अर्धा चमचा मिरपूड, चिमूटभर चुरलेला ओवा व बेताचे मीठ चोळावे. (मूळ कृतीत थाइम आहे. ओव्यात आणि त्यात थायमॉल हे एकच सुगंधी द्रव्य असते, म्हणून हा बदल. आणि या खेपेस मी तो आधी करून पाहिला आहे.) तुकडे रसात घालून दोन तास फ्रीजमध्ये ठेवावेत, मग निथळून तव्यावर आतपर्यंत शिजेतो भाजावेत. उरलेला रस कच्च्या मांसाचा असल्याने तसाच वापरू नये. पुन्हा उकळून दाट करावा. अननसाच्या चकत्या, कांदा व ढोबळी मिरची त्याच तव्यावर परतून सारे गोडसर पावात भरावे. सासूबाईंसाठी मी पनीर घातले होते, त्यांनी दुसरे मागून घेतले.

इंदूरला हे सर्व पत्राने कळविले आहे. त्यांचे उत्तर कालच आले: मुलगा दिवाळीला पुन्हा येणार आहे.