आईचा सोऱ्या

दिवाळी जवळ आली की आमच्या घरात एक विषय टाळला जातो. चकल्या होतात, फस्तही होतात, पण सोऱ्याचं नाव कुणी काढत नाही. यंदा म्हटलं, एकदा लिहूनच टाकावं.

माझं काम काय, हे अर्ध्या नातेवाइकांना अजून नीट कळलेलं नाही. "मालिकांमध्ये असतो" एवढं माहीत असतं. मग लग्नकार्यात कुणीतरी विचारतंच, "तू कधी दिसतोस रे?" मी दिसत नाही. माणसांच्या मागे जे घर दिसतं, ते माझं. पूर्वी 'कला दिग्दर्शक' म्हणायचे, हल्ली 'प्रॉडक्शन डिझायनर'. १९९१ मध्ये दूरदर्शनवर 'चाणक्य' लागायची तेव्हा मी शाळेत होतो. तो सगळा थाट कुणीतरी उभा करतं, हे कळलं आणि हरखून गेलो. त्यातल्या बऱ्याच भागांचे सेट नितीन देसाईंचे होते. तेही आपले दापोलीचे! २०२३ च्या ऑगस्टमध्ये ते गेले, त्या दिवशी कामाला हात लागेना.

राजवाडा एक वेळ सोपा. अवघड असतं ते साधं स्वयंपाकघर, कारण ते प्रत्येकाने पाहिलेलं असतं. तीन भिंती, चौथीकडे कॅमेरे. नळाला पाणी नाही, सिंकखाली बादली. प्लायची नवी कोरी भिंत मग जुनी करायची : स्विचबोर्डाभोवती बोटांचे डाग, शेगडीमागे तेलकट पिवळेपणा. चौकोनी टीव्हीच्या काळात बरंच काही खपून जायचं. पडदा रुंद झाला, एचडी आलं, आणि ब्रशचा फटकारासुद्धा दिसायला लागला.

२०१४ मध्ये एका मालिकेसाठी गिरगावातल्या चाळीतलं स्वयंपाकघर करत होतो, घोडबंदर रोडवरच्या एका फ्लोअरवर. सगळं झालं, पण खोली काही केल्या राहती वाटेना. भाड्याने आणलेली भांडी सगळी सारखीच चकचकीत. त्या रात्री घरी आलो आणि माळ्यावरून आईचा पितळी सोऱ्या काढला. तिच्या आईचा. एका बाजूने चेपलेला. "चार दिवसांत आणून देतो," म्हटलं. मांडणीच्या वरच्या फळीवर तो ठेवला आणि खरंच सांगतो, खोलीत माणसं राहायला आल्यासारखं वाटलं. दिग्दर्शक आला, नुसता बघत राहिला, म्हणाला, "हे घर आहे."

पण वस्तू एकदा कॅमेऱ्यात गेली की हलत नाही. कंटिन्यूइटी! एका प्रसंगाचा अर्धा भाग आज, उरलेला आठवड्याने. मधेच फळी रिकामी दिसली तर प्रेक्षक बरोबर पकडतात. चार दिवसांचे चार महिने झाले, दिवाळी आली. आईने विचारलं. मी तिला कंटिन्यूइटी समजावून सांगितली आणि स्टीलचा नवा सोऱ्या आणून दिला. ती काही बोलली नाही. चकली तुटली की एवढंच म्हणायची, "याला काटा नीट पडत नाही." मालिका मात्र रोज लावायची. कुणाची सून कोण, याच्याशी तिला घेणं नव्हतं. मांडणी दिसली की म्हणायची, "आहे हो!"

आता कबूल करतो. तसाच दुसरा सोऱ्या भुलेश्वरला मिळाला असता. वरच्या फळीवरचा फरक कुणाला कळला असता? पण दिग्दर्शकाचं ते एक वाक्य माझ्या डोक्यात जाऊन बसलं होतं. मला तोच हवा होता.

दीड वर्षाने मालिका बंद झाली. अचानक, होतात तशीच. फ्लोअरचं भाडं रोजचं असतं, म्हणून शेवटच्या शॉटनंतर रात्रीतच सेट मोडतात. मी त्या दिवशी दुसऱ्या मालिकेच्या कामात. मुलांना एक फोन करायचा होता, तेवढा राहिला. सकाळी पोचलो तर मोकळा फ्लोअर आणि खिळे झाडणारा एक पोरगा. भाड्याची भांडी टेम्पोतून गेली होती, त्यांच्याबरोबर सोऱ्याही. गोदामात दोन दिवस शोधलं. पितळी भांड्यांचे ढीग होते, त्यात तो नव्हता.

आईला सांगायला मला आठवडा लागला. ती जरा वेळ गप्प बसली. मग म्हणाली, "चकलीची चकती आत होती का रे?"

"होती."

"मग कुणीतरी करत असेल चकल्या."

करत नसेल, हे मला माहीत आहे. तो कुठल्यातरी प्लायच्या भिंतीसमोर, कुठल्यातरी खोट्या घरात बसला असेल. पण तिला तसं म्हणालो नाही.

तेव्हापासून घरची वस्तू सेटवर नेत नाही. मात्र टीव्हीवर कुठलंही स्वयंपाकघर आलं की आम्ही दोघंही आधी वरच्या फळीकडे बघतो.

असो. भाजणी दळून आणायची आहे.