ज्वालामुखीने उठवलेले गाव

मेक्सिकोच्या मिचोआकान प्रांतात नुएवो पारांगारिकुतिरो नावाची एक लहानशी म्युनिसिपालिटी आहे. तिकडे म्युनिसिपालिटी म्हणजे नुसते शहर नव्हे. एक मुख्य गाव आणि भोवतालच्या वाड्या, शेते, रान असा सगळा मुलूख तिच्यात येतो. हे नाव उच्चारताना वाचकांची जीभ अडखळली तर वाईट वाटून घेऊ नये. आपल्याकडच्या कच्च्या-पक्क्या पापडासारखे त्या नावाचे तिकडे एक वाक्यच झाले आहे, आणि स्पॅनिश बोलणारी पोरेही त्यावर घसरतात.

‘नुएवो’ म्हणजे नवे. जुने आहे लाव्ह्याखाली.

२० फेब्रुवारी १९४३ रोजी दिओनिसिओ पुलिदो नावाचा शेतकरी पारिकुतिन गावच्या शिवारात मक्याच्या पेरणीसाठी शेत तयार करीत होता. दुपारी जमिनीला भेग पडली, धूर निघू लागला, गंधकाचा वास सुटला. दुसऱ्या दिवशी सकाळी शेतात टेकडी उभी! वर्षभरात ती तीनशे मीटरच्या वर गेली. १९५२ साली ज्वालामुखी शांत झाला तेव्हा तिची उंची चारशे चोवीस मीटर भरली. ज्वालामुखीचा जन्मापासून शेवटापर्यंतचा असा इतिहास शास्त्रज्ञांना क्वचितच पाहायला मिळतो.

जुन्या गावाकडे जायला आंगावान या पुरेपेचा लोकांच्या गावी तट्टू भाड्याने मिळते. मीही घेतले. पाइनच्या रानातून उतरलो आणि समोर काळा, खरबरीत, उभा-आडवा फुटलेला कातळ पसरला. आपण सह्याद्रीच्या कातळावर वाढलेली माणसे. पण तो साडेसहा कोटी वर्षांचा. हा माझ्या वडिलांपेक्षाही वयाने लहान! त्यातून जुन्या सान हुआनच्या देवळाचा मनोरा वर आला आहे. भोवतालचे सगळे गाव बुडाले, वेदी तेवढी लाव्ह्याने सोडली. तिच्यावर ताजी फुले आणि मेणबत्त्या होत्या.

लाव्हा मुंगीच्या पावलाने आला, म्हणून त्याच्याखाली कोणी सापडले नाही. राखेच्या ढगांतल्या विजेने मात्र तिघे दगावले. पण शेते राखेखाली गेली, गुरे मेली, कित्येक पुरुष मजुरीच्या करारावर अमेरिकेत गेले. तरी सान हुआनची माणसे गाव सोडायला तयार होईनात. कारण तिथे त्यांचा देव होता, ‘चमत्कारांचा प्रभू’ म्हणून ओळखली जाणारी क्रुसावरची ख्रिस्तमूर्ती. अखेर मे १९४४ मध्ये ती मूर्तीच खांद्यावर घेऊन मिरवणूक निघाली. देव निघाला, तेव्हा गाव निघाले. उरुआपानजवळच्या लोस कोनेहोस या जमिनीवर त्यांनी नवे घर मांडले. पारिकुतिनच्या लोकांची वस्ती वेगळीकडे, काल्त्सोन्सिनला झाली.

मला ज्वालामुखीपेक्षा यानंतरची हकीकत अधिक आवडली. या लोकांनी आपले सामाईक रान हातचे जाऊ दिले नाही. १९८० नंतरच्या दशकात त्यांनी स्वतःचा लाकूडधंदा उभारला. करवतीचा कारखाना, राळ, फर्निचर, सगळे समाजाच्या मालकीचे. आता भोवती अव्होकाडोच्या बागा पसरल्या आहेत. पैसा त्यात अधिक आहे, आणि पाइनच्या रानाला भीतीही त्याचीच.

नव्या देवळात त्या मूर्तीपुढे लोक अजून नाचत येतात. एका म्हातारीला मी विचारले, “आपण नव्या गावच्या का?”

“नवे कसले?” ती म्हणाली, “मी सान हुआनची.”