सात मिनिटांतले वसंत देसाई

भिलाईच्या पोलाद वसाहतीत पत्ता सांगताना गल्लीचे नाव येत नाही. सेक्टरचा, रस्त्याचा आणि क्वार्टरचा क्रमांक येतो. जेथे गावालाच आठवण नव्हती तेथे गल्लीला नाव कोठून येणार? फेब्रुवारी १९५५ मध्ये सोव्हिएत संघाशी कारखान्याचा करार झाला तेव्हा दुर्ग जिल्हा ज्या मध्य प्रदेशात मोडत होता त्याची राजधानी नागपूर होती, आणि त्या राज्याच्या कारभारात हिंदीच्या जोडीला मराठीलाही स्थान होते. ४ फेब्रुवारी १९५९ रोजी राष्ट्रपती राजेंद्रप्रसादांच्या हस्ते पहिल्या झोतभट्टीचे उद्घाटन झाले, तोवर राज्यपुनर्रचनेने नागपूर पलीकडे नेले होते आणि भिलाईतील मराठी घरे परप्रांतातील घरे झाली होती. शेजारी तेलुगू, समोर बंगाली, मागे मल्याळी आणि भोवती छत्तीसगढी, अशा त्या वसाहतीत मुलांना एकमेकांशी खेळण्यापुरती जी भाषा सापडली ती शाळेची हिंदी. घरी मराठी आणि अंगणात हिंदी हा त्या पिढीचा नित्यक्रम.

अशा घरातील मुलाने दूरदर्शनच्या पडद्यावर पुढे एक लहानसे कार्टून पुनःपुन्हा पाहिले. बागेत खेळणारी काही मुले, त्यांना ‘एक’ आणि ‘अनेक’ यांचा भेद सांगणारी ताई, आणि मग पारध्याच्या जाळ्यात सापडलेल्या, जाळ्यासकट एकदम आकाशात झेपावणाऱ्या पाखरांची गोष्ट. ‘एक अनेक और एकता’ हे त्याचे नाव, निर्मिती १९७४ ची, लांबी सुमारे सात मिनिटे. त्या मुलाला ते अस्सल हिंदी वाटले यात नवल नाही. परंतु ज्या विजया मुळे यांनी ते घडवले त्या मुंबईत जन्मलेल्या मराठी बाई; ज्या साधना घाणेकरचा बालस्वर त्यात ऐकू येतो ती दाभोळची, त्या वेळी जेमतेम पाच वर्षांची, पुढे साधना सरगम म्हणून प्रसिद्धी पावलेली; आणि चाल बांधणारे वसंत देसाई कुडाळ तालुक्यातील सोनवड्याचे. अंगणातली हिंदी अशी घरातल्या मराठीतूनच आलेली होती, हे त्या घरांना कोणी सांगितले नाही.

मराठी संगीतसमीक्षेनेही ते कधी सांगितलेले नाही. वसंत देसाई म्हटले की ‘अमर भूपाळी’, ‘श्यामची आई’, ‘झनक झनक पायल बाजे’, ‘दो आँखें बारह हाथ’ आणि रंगभूमीवरचे ‘पंडितराज जगन्नाथ’ एवढी नामावळी निघते. फार तर ‘गूँज उठी शहनाई’मधील बिस्मिल्ला खाँसाहेबांच्या शहनाईचा उल्लेख होतो. सात मिनिटांचे कार्टून या यादीत बसत नाही. बालवाङ्मयाच्या वाट्याला मराठी वाङ्मयेतिहासात जे शेवटचे प्रकरण येते, तेवढेही या कामाच्या वाट्याला आलेले नाही. लहान मुलांसाठी केलेले ते लहान काम, ही समजूत आपल्याकडे फार घट्ट रुजलेली आहे.

अन्य देशांत हा प्रकार एका स्वतंत्र व्यवसायाइतका मोठा झाला. मूकपटांच्या काळी कॅन्सस सिटीच्या चित्रगृहात ऑर्गन वाजवणारा कार्ल स्टॉलिंग १९२८ मध्ये वॉल्ट डिस्नेच्या चित्रांना संगीत देऊ लागला. १९३६ ते १९५८ या काळात वॉर्नर ब्रदर्सकडे त्याने सहाशेहून अधिक कार्टूनांच्या स्वरलिपी लिहिल्या. सरासरी दर दोन आठवड्यांना एक असा हा वेग. चित्रातील पावलांचा आणि वाद्यवृंदाचा मेळ बसावा म्हणून वादकांच्या कानात ठरावीक लयीचा टिकटिकाट सोडण्याची पद्धत त्याच्या नावाशी जोडली जाते. एमजीएमचा स्कॉट ब्रॅडली तर टॉम आणि जेरीच्या पळापळीत शोनबर्गच्या बारा स्वरांची मांडणी मिसळण्याइतका धीट होता. या दोघांच्या संगीताचा पाया एकच: पडद्यावर जे घडते ते वाद्याने तत्क्षणी घडवावे. मांजर जिन्यावरून घसरले की सनईच्या कुळातील वाद्ये घसरतात. हे कौशल्य असामान्य खरे. पण चार-पाच मिनिटांनंतर ते कानाला दमवतेही, हे त्या संगीताच्या चाहत्यांनी मान्य करायला हरकत नाही.

देसाई या मार्गाने गेले नाहीत, आणि तसे जाण्याची त्यांची घडणही नव्हती. कोल्हापुरात प्रभात कंपनी उभी राहिली तेव्हाच पोरवयातले देसाई तेथे दाखल झाले. पडेल ते काम केले, मूकपटात छोटी भूमिका केली, बोलपट आल्यावर गायले. गोविंदराव टेंबे, मास्तर कृष्णराव, केशवराव भोळे यांच्या हाताखाली ते तयार झाले. यांतील भोळे यांचा संस्कार येथे विशेष लक्षात घ्यावा लागतो. नाट्यसंगीताचा पसारा आवरून, शब्दाला वाट देणारी मोजकी वाद्यरचना ही भोळ्यांची शिकवण होती. त्याच प्रभातने तिसाव्या दशकात ‘जंबूकाका’ नावाच्या कोल्ह्याचे कार्टूनही काढून पाहिले होते, आणि दादासाहेब फाळक्यांनी तर त्याच्याही आधी आगकाड्यांना पडद्यावर नाचवले होते. चित्रातली वस्तू हलवण्याचे वेड मराठी माणसाला नवे नव्हते. त्या वेडाला साजेसा स्वर मात्र मिळायचा होता.

‘एक अनेक’मधला तो स्वर बोलण्यातून निघतो. ताई बोलत असते. बोलता बोलता वाक्याला लय येते, लयीला सूर लागतो, आणि मुलांनी तिचा शब्द उचलून धरला की गाणे कधी सुरू झाले हे कळतही नाही. हा सांधा ऐकणाऱ्याला दिसू न देणे हीच खरी अवघड गोष्ट. देसाईंनी तिची तालीम आधी करून ठेवली होती. १९६८ च्या ‘आशीर्वाद’मध्ये हरीन्द्रनाथ चट्टोपाध्याय यांचे आगगाडीचे गाणे त्यांनी अशोककुमारांसारख्या गायक नसलेल्या नटाकडून म्हणवून घेतले. तेथे गळ्याची फिरत नाही, तान नाही. आहे तो केवळ उच्चाराचा वेग. आगगाडीच्या चाकांची नक्कल वाद्यांवर न सोपवता ती जिभेवर सोपवली आहे. स्टॉलिंगने हेच गाणे केले असते तर शिट्टी आणि वाफ वाद्यवृंदातून आली असती.

भीमसेन खुराणा यांची रेषाही याला अनुकूल पडली. त्यांची चित्रे अवयवांची फार उठाठेव करत नाहीत. ठळक आकार, सपाट रंग आणि थोडी हालचाल. अशा चित्राला प्रत्येक पावलागणिक टाळी देणारे संगीत लावले असते तर चित्रातील उणीव उघडी पडली असती. देसाईंनी चित्रातील जागा मानवी आवाजाने भरली. शिवाय त्या काळचे घरगुती दूरदर्शन संच कृष्णधवल होते. चित्रपट रंगीत, पण बहुसंख्य मुलांनी त्यातली पाखरे करडीच पाहिली. रंग त्यांना मिळाला तो कानांनी.

गोष्ट पंचतंत्रातल्या चित्रग्रीव कबुतराच्या कुळातली, गीत विनयचंद्र मौद्गल्य यांचे. दिल्लीत १९३९ मध्ये गांधर्व महाविद्यालय उभारणारे मौद्गल्य हे विष्णु दिगंबर पलुसकरांच्या परंपरेतले. समूहाने, एका सुरात, पण शास्त्राचा मान ठेवून गावे हा पलुसकरांचा आग्रह त्या परंपरेतून आलेला. आणि देसाईंनीही उत्तरायुष्यात शाळकरी मुलांच्या मोठमोठ्या समूहांकडून गीते बसवून घेतली होती. संयुक्त राष्ट्रसंघात १९६६ मध्ये एम. एस. सुब्बुलक्ष्मींनी गायलेल्या ‘मैत्रीं भजत’ या संस्कृत रचनेचे संगीतही त्यांचेच. म्हणून चित्रपटाच्या शेवटी येणारे एकतेचे समूहगीत आयत्या वेळी जोडलेल्या बोधासारखे वाटत नाही. पाखरे ‘एक, दोन, तीन’ म्हणून एका दमात उडतात, तो दम आणि अखेरच्या समूहगानाचा दम एकच आहे. एरवी सरकारी एकात्मतेच्या गीतांचा जो ठोकळेबाज सूर असतो तो येथे टळला, याचे श्रेय आशयाला नाही, या श्वासाला आहे. शब्दांत तेवढे सामर्थ्य आहे काय, असे विचारल्यास उत्तर बेताचेच द्यावे लागेल.

या लघुपटाला सर्वोत्कृष्ट शैक्षणिक चित्रपटाचे राष्ट्रीय पारितोषिक मिळाले. शेवटचे गीत शाळाशाळांतून प्रार्थनेच्या वेळी म्हटले जाऊ लागले. ते कार्टूनमधले आहे हेही अनेकांना ठाऊक नसते, मग चाल कोणाची हे कोण विचारणार? विजया मुळे २०१९ मध्ये गेल्या. पाटण्यातील फिल्म सोसायटीची उभारणी, सत्यजित राय यांचे निवेदन असलेला ‘द टायडल बोअर’, असे बरेच काही मागे ठेवून गेलेल्या या बाईंची ओळख वृत्तपत्रांनी ‘एक अनेकवाल्या’ अशीच दिली. देसाईंना तेवढेही लाभले नाही.

ज्या शैक्षणिक तंत्रज्ञान केंद्राचे काम मुळे यांच्याकडे होते ते ज्या प्रयोगाशी बांधलेले होते, तो उपग्रहीय दूरदर्शन प्रयोग १ ऑगस्ट १९७५ रोजी सुरू झाला. अमेरिकेने वर्षभरासाठी दिलेल्या उपग्रहावरून सहा राज्यांतील २,४०० खेड्यांत चित्रे उतरू लागली. त्यात मध्य प्रदेशाचे तीन जिल्हे होते: रायपूर, बिलासपूर आणि दुर्ग. भिलाईच्या धुराड्यांपासून फार दूर नसलेल्या खेड्यांत सकाळी शाळेतील मुले आणि संध्याकाळी गावकरी संचासमोर बसत. हा प्रयोग ऐन भरात असताना, २२ डिसेंबर १९७५ रोजी, मुंबईत लिफ्टच्या अपघातात वसंत देसाई गेले. वय त्रेसष्ट. दूरदर्शनचा राष्ट्रीय कार्यक्रम १९८२ च्या ऑगस्टमध्ये सुरू झाला आणि संच घरोघरी पोचले. सेक्टरांमधल्या क्वार्टरांतून ती पाखरे उडू लागली ती त्यानंतर. तोवर चाल बांधणाऱ्याला जाऊन सहा-सात वर्षे झाली होती.