मुभा राखून

उच्च न्यायालयाच्या आदेशांत एक वाक्य वारंवार भेटते: नव्याने दाखल करण्याची मुभा राखून याचिका मागे घेण्यास परवानगी देण्यात येते. साहित्य शिकवणाऱ्या आम्हां मंडळींना ते चमत्कारिक वाटते. मराठी कानाला ‘मागे घेणे’ म्हटले की ‘माघार’च ऐकू येते. मग मुभा कसली?

भूम तालुक्यातील एका शेतकरी परिचितांनी २०१९ साली असाच एक आदेश आमच्यापुढे ठेवला. बांधाच्या भांडणातून त्यांच्यावर आणि धाकट्या भावावर गुन्हा नोंदला गेला होता. तो रद्द व्हावा म्हणून फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४८२ खाली ते औरंगाबाद खंडपीठात गेले होते. (१९८१ साली तेथे कामकाज सुरू झाले नसते तर त्यांना मुंबई गाठावी लागली असती.) “सर, मग आपण हारलो म्हणायचं का?” एवढेच त्यांना विचारायचे होते.

आदेश इंग्रजीत, जेमतेम चार ओळींचा. ‘काही वेळ युक्तिवाद झाल्यानंतर’ अशा अर्थाचे शब्द त्यात होते. सारे नाट्य त्या ‘काही वेळा’त घडून गेलेले, आणि त्याची एकही खूण कागदावर नाही! याचिका प्रलंबित असतानाच दोषारोपपत्र दाखल झाले होते; त्याला आव्हान देणारी मागणी मूळ याचिकेत नव्हती. ती तशीच रेटून प्रतिकूल निर्णय पदरात घेण्यापेक्षा मागे घेणे वकिलांना शहाणपणाचे वाटले. गुणदोषांवर न्यायालय काहीच बोलले नव्हते. हे मौनच आमच्या परिचितांची मिळकत होती. पण मौनाला मिळकत म्हणायला माणूस सहजी तयार होत नाही.

दिवाणी प्रक्रिया संहितेत, आदेश २३ मध्ये, या मुभेची रीतसर तरतूद आहे. फौजदारी संहितेची चाल निराळी. तेथे (२०२४ पर्यंत कलम २५७ खाली) तक्रारदाराने तक्रार मागे घेतली की आरोपी निर्दोष सुटतो, दार कायमचे बंद. रिट याचिकांबाबत सर्वोच्च न्यायालयाने १९८६ मध्ये सरगुजा ट्रान्सपोर्टच्या प्रकरणात सांगितले की मुभा न मागता मागे घेतलेली याचिका त्याच कारणासाठी पुन्हा उच्च न्यायालयात आणता येत नाही. व्यक्तिस्वातंत्र्याचा प्रश्न मात्र खुला ठेवला. तेव्हापासून सावध वकील हे चार शब्द मागून घेतल्याशिवाय उठत नाही. आम्हांला यात व्याकरणाचा विजय दिसतो: मुख्य क्रियापद माघारीचे, आणि जीव सगळा ‘राखून’ या धातुसाधितात.

हे सारे आम्ही त्यांना समजावले. त्यांनी आदेशाची घडी घालून खिशात ठेवली आणि विचारले, “म्हंजे पुन्हा वकिलाची फी?”

नवी याचिका त्यांनी अद्याप केलेली नाही. मध्यंतरी, २०२३ मध्ये, उस्मानाबाद जिल्ह्याचे धाराशिव झाले. १ जुलै २०२४ पासून कलम ४८२ ची जागा नव्या संहितेच्या कलम ५२८ ने घेतली. भावांपैकी धाकटा आता पुण्यात असतो, तारखेला येतो.